हुंकारीला श्वास कोण देणार?

प्रश्न थोडक्यात असा: तुमच्या कादंबरीत खाडीच्या मुखाशी बेटांचा एक मुलूख आहे. रस्ते नाहीत, सगळा व्यवहार होडीनं. काठावर ‘हुंकारी’ नावाचं झाड आहे. ते रोज रात्री गातं, दुःखी माणूस जवळ आला की सूर बदलतं, आणि लोक त्याला देवी मानतात. मुलूख कल्पनेतला असला तरी मालवण-देवगडचा किनारा डोळ्यांसमोर ठेवून रचलाय, हे तुम्हीच लिहिलंय. वनस्पतिशास्त्र जाणणाऱ्याला हे झाड पटेल का, आणि त्या जगात त्याची जागा काय असावी, एवढं तुम्हाला हवंय.

मी वनस्पतिशास्त्र शिकवत आलो आणि कांदळवनाच्या रोपवाटिकांची कामं बघतो, तेव्हा उत्तर त्या अंगानं देतो. झाड पटेल. ‘रोज रात्री’ पटणार नाही. दुःखाचं तर मुळीच नाही, पण त्यावरही तोड आहे. झाड कशासाठी गातं हा प्रश्न तुम्ही आधी घेतलात, तो थोडा मागे ठेवा. आधी त्याला श्वास कुठून मिळतो ते ठरवा. तेवढं ठरलं की पंचांग, गुरव, मानपान, भांडणं सगळं त्याच्या मागून येतं, ओढून आणावं लागत नाही.

खरी झाडं काय आवाज करतात ते बघू. आपल्या किनाऱ्यावर आवाजाचं झाड म्हणजे सुरू. ते मूळचं इथलं नव्हे, वाळू धरायला आणि वारा अडवायला लावलेलं. त्याच्या बारीक हिरव्या काड्यांवरून वारा गेला की काडीच्या मागे हवेचे भोवरे आळीपाळीनं सुटतात, एक या बाजूनं, एक त्या बाजूनं. ते किती झपाट्यानं सुटतात याचं गणित सोपं आहे: वाऱ्याच्या वेगाला काडीच्या जाडीनं भागायचं आणि उत्तराचा पाचवा हिस्सा घ्यायचा. काडी एक मिलिमीटर आणि दुपारचा खारा वारा सेकंदाला ५ मीटर धरला तर येतात १००० हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला हजार कंपनं. वारा दुप्पट झाला की सूर एक सप्तक वर. मात्र काड्या लाखो, प्रत्येकीची जाडी निराळी, प्रत्येकीला लागणारा वारा निराळा. म्हणून एक सूर असा लागत नाही, नुसतं सूंऽऽ ऐकू येतं.

मग शेंगा. शिरीषाच्या वाळल्या शेंगा उन्हाळ्यात झाडावरच खडखडतात, खुळखुळ्याच्या शेंगांत बिया सुट्या होऊन वाजतात, गारंबीची हातभर लांब शेंग हलवली तर आतल्या बिया दणकतात. तेरड्याचं बोंड बोट लागताच फुटतं, तेही किंचित आवाज करून. यात एक गोष्ट बघण्यासारखी आहे. तेरडा सोडला तर हे सगळे आवाज वाळून मेलेल्या भागांचे आहेत. वाजवणारा वारा, वाजणारं कलेवर. झाडाच्या पदरचं काही खर्च होत नाही.

जिवंत झाडाचा म्हणून एक आवाज आहे, पण तो आपल्याला ऐकू येत नाही. तेल अवीव विद्यापीठाच्या लोकांनी २०२३ साली टोमॅटो आणि तंबाखूच्या झाडांचे आवाज टिपून प्रसिद्ध केले. पाणी तोडलेलं झाड तासाला ३० ते ५० वेळा ‘टक्’ करतं. पाणी मिळालेलं झाड तासाला एकदाही नाही. हे ‘टक्’ आवाज ४० ते ८० किलोहर्ट्झच्या पट्ट्यात असतात आणि माणसाचा कान २० च्या वर जात नाही. कारण बहुधा असं, की खोडातल्या पाण्याच्या नळ्या कोरडेपणानं ताणल्या जातात आणि त्यांत बुडबुडा फुटतो. तेव्हा ‘झाडं रडतात’ असे मथळे सगळीकडे फिरले. ते रडणं नव्हे, नळ कोरडा पडल्याची खूण. तुमच्या हस्तलिखितात त्याच मथळ्याचा वास येतोय म्हणून सांगतो.

प्राण्याकडे फुप्फुसं आहेत, स्नायू आहेत. तो हवा दाबून बाहेर काढू शकतो. झाडाकडे यातलं काही नाही. म्हणून त्यानं श्वास उसना घ्यायचा. किनाऱ्यावर उसना देणारे दोघेच, वारा आणि समुद्र. वाऱ्याचं गिऱ्हाईक म्हणून सुरूचं झाड आहेच. हुंकारी खाडीच्या तोंडाशी आहे, तर तिनं समुद्राकडून घ्यावा.

इथं नमुना म्हणून पांढरी चिपी समोर ठेवा. २०२० साली महाराष्ट्रानं तिला राज्य कांदळवृक्षाचा मान दिला. खाजणात समुद्राच्या बाजूला, लाटांना सगळ्यांत पुढे तीच असते. ओहोटीला तिच्याभोवती चिखलातून वर आलेली श्वासमुळं दिसतात, तिवरापेक्षा जाड, वर निमुळती. त्यातलं एक मोडून हातात घेतलंत तर वजनच लागत नाही. आतला भाग भुसभुशीत, बुचासारखा, नखानं दाबला तर दबतो आणि सोडला की हळूहळू परत फुगतो. जुनी माणसं जाळ्याला तरंड म्हणून हेच लावायची. चिखलात प्राणवायू जवळपास नसतो, म्हणून मुळांना हवा पोचवायची ती या बुचातल्या पोकळ्यांतून. सालीवर बारीक छिद्रं असतात, हवा तिथून आत जाते.

आता मजेची गोष्ट. भरती चढून मुळं बुडाली की छिद्रं बंद. आतला प्राणवायू मुळं वापरून टाकतात, बदल्यात निघणारा कार्बन डायऑक्साइड पाण्यात सहज विरघळून जातो. म्हणजे आत हवा कमी होत जाते, दाब उतरतो. पाणी खाली गेलं आणि छिद्रं उघडी पडली की बाहेरची हवा आत ओढली जाते. शोलँडर नावाच्या शास्त्रज्ञानं आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९५५ मध्ये हे मोजून दाखवलं. कांदळवन ओहोटीला श्वास आत घेतं, हे काव्य नव्हे, मोजलेलं आहे. आवाज होत नाही, कारण दाबातला फरक लहान आणि छिद्रं अतिबारीक.

तुमची हुंकारी म्हणजे हीच व्यवस्था मोठी केलेली. मात्र नुसती भरती पुरत नाही. हिशेब करून बघा. उधाणाला, म्हणजे पुनवे-अवसेच्या मोठ्या भरतीला, पाणी दोन मीटर चढतं असं धरलं, तर ऐन मध्यावर त्याचा वेग तासाला अर्धा मीटर, म्हणजे सेकंदाला मिलिमीटरचा सातवा भाग. शिट्टी वाजायला झोत सेकंदाला पाचेक मीटरचा हवा. त्यासाठी फट पोकळीच्या छत्तीस हजारांश ठेवावी लागेल. चौरस मीटरभर पोकळ खोडाला करंगळीच्या नखाहून लहान फट! त्यातून पुटपुटणं निघेल, देवी नाही.

म्हणून श्वास लाटांकडून घ्या आणि सूर भरतीकडून. लाट आत शिरली की पाणी तीन सेकंदांत फूटभर उचललं जातं, म्हणजे सेकंदाला दहा सेंटिमीटर. फट पोकळीच्या पन्नासाव्या हिश्शाची असली की झोत पाच मीटरचा. कातळाच्या कपारीत लाट घुसून वरच्या भोकातून फुसकारते तेच तत्त्व. याचा अर्थ हुंकारी खाडीच्या आत, निवांत चिखलात गाऊ शकत नाही. ती मुखाशीच हवी, जिथं लाट पोचते पण झाड उपटत नाही. तुमच्या नकाशात तीनेक ठिकाणी ती पार आत दाखवली आहे. तिथली झाडं मुकी ठेवा. मुकी हुंकारी गावाला काय म्हणून हवी, हाही एक चांगला प्रश्न होईल.

खोडात दोन पोकळ्या द्या. एक रुंद, लाटेकडे तोंड असलेली. तिला भाता म्हणू. दुसरी अरुंद आणि उभी, ती नळी. भात्यातली हवा फटीतून सुटून नळीच्या वरच्या ओठावर आपटते आणि नळीतली हवा घुमते. नळीचं तळाचं तोंड पाण्यात, पण लहानसं. भरती-ओहोटी मोजायला बंदरात विहीर करतात तिला असंच लहान भोक ठेवतात. लाटांची खळबळ आत येत नाही, पाण्याची खरी पातळी तेवढी येते. त्यामुळे नळीत सूर थरथरत नाही, सावकाश सरकतो. पोकळ्या येणार कुठून ही काळजी नको. झाडाचं गाभ्याचं लाकूड मेलेलंच असतं, बुरशी ते खाऊन टाकते, बाहेरच्या कड्यावर झाड वर्षानुवर्षं जगतं. फांदी गळून पडलेल्या खळीभोवती साल गोल वळून ओठ तयार होतो.

आणि आता सूर. नळीचं वरचं तोंड उधाणाच्या पूर्ण भरतीपेक्षा वीतभर, म्हणजे पंचवीसेक सेंटिमीटर उंच ठेवा. खाली पाण्यानं बंद, वर उघडी अशी नळी. हवेत ध्वनी सेकंदाला सुमारे ३४६ मीटर जातो, त्याला नळीतल्या हवेच्या लांबीच्या चौपटीनं भागलं की सूर निघतो. भरती सव्वासहा तासांत चढते, पण सारख्या गतीनं नाही. दोन मीटरचे बारा भाग केले तर पहिल्या तासाला एक भाग, मग दोन, मग तीन, तीन, दोन, एक. पूर्ण ओहोटीला हवेची लांबी सव्वादोन मीटर, सूर ३८ हर्ट्झ. तो कानापेक्षा छातीला कळतो. पहिल्या तासानं ४२, दुसऱ्या तासानं ४९. लक्षातही येणार नाही इतका फरक. तिसऱ्या तासाच्या शेवटी ६९, चौथ्याच्या ११५, पाचव्याच्या २०७ आणि पूर्ण भरतीला ३४६.

हे आकडे पुन्हा वाचा. बोलताना पुरुषाचा आवाज साधारण १२० च्या आसपास असतो, बाईचा २०० च्या थोडा वर, लहान मुलाचा ३०० च्या आसपास. म्हणजे एका भरतीत हुंकारी आधी नुसती घुमते, मग बाप्याच्या आवाजात बोलते, मग बाईच्या, शेवटी लेकराच्या. ओहोटीला तेच उलट. तुम्ही तिला एक देवी केलीत, पण इतकी आयती तीन माणसं हाताशी असताना एकीवर का थांबायचं? बेटावरची माणसं वेळ अशी सांगतील: ‘बाप्या बोलता बोलता निघालो, लेकरू बोलायच्या आत पोचलो.’ होडी कधी ढकलायची, खाडीच्या तोंडाशी साचलेल्या वाळूचा बार कधी ओलांडायचा, कालवं काढायला कधी उतरायचं, सगळं त्या आवाजावर. घड्याळ नसलेल्या मुलखाला याहून काय हवं!

‘रोज रात्री’ का नाही, ते आता तुमच्या ध्यानात आलं असेल. भरती रोज सुमारे पन्नास मिनिटं उशिरा येते आणि दिवसातून दोनदा येते. झाडाला रात्रीचं अप्रूप नाही. तुम्हाला वेळापत्रक हवं असेल तर आपल्याकडचा जुना ठोकताळा वापरा: तिथीला पाऊणनं गुणायचं, पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा, पुनवेला आणि अवसेला सव्वाअकरा. हा हिशेब मुंबई-रायगडाकडचा आणि ढोबळच. तुमच्या मुलखासाठी तो थोडा मागेपुढे केला तरी चालेल, पण एकदा केलात की शेवटपर्यंत तोच ठेवा. पुनवेच्या मध्यरात्रीच्या सुमाराला लेकराचा आवाज हा तुमचा प्रसंग चालतो. अष्टमीच्या मध्यरात्रीचा चालत नाही, कारण तेव्हा ओहोटी आहे.

अष्टमीला आणखी एक गंमत होते. उधाणाला पाणी फार चढतं नि फार उतरतं, अष्टमीच्या भांगाला, म्हणजे लहान भरतीला, थोडंच. समजा मध्यापासून अर्धा मीटर वर, अर्धा खाली. सूर ४९ ते ११५ च्या आतच फिरतो. म्हणजे बाप्या कसाबसा बोलतो, बाई आणि लेकरू गप्प. दर पंधरवड्याला असं. लोक याला काय म्हणतील ते तुम्ही ठरवा. माझ्या मते उपास म्हणतील, आणि मग माणसंही अष्टमीला उपास धरतील, आणि दोन पिढ्यांनी कुणालाच आठवणार नाही की आधी कुणी धरला होता.

वाऱ्याकडे तुमचं थोडं दुर्लक्ष झालंय. दिवसा खारा वारा समुद्रावरून गावाकडे, रात्री मतलई गावाकडून समुद्राकडे. आवाज वाऱ्याच्या दिशेनं खाली वाकतो आणि लांब जातो. वाऱ्याच्या विरुद्ध तो वर उचलला जातो आणि जमिनीवरच्या माणसाला ऐकू येईनासा होतो. म्हणून रात्री हुंकारी गावाला कमी आणि होडीतल्या माणसाला जास्त ऐकू येणार. तुमची नायिका वाडीतल्या खोलीत पडल्या पडल्या ती ऐकते. तिला दुपारी ऐकू द्या. रात्री तिचा नवरा समुद्रावर हुंकारी ऐकत असेल, आणि काळोखात खाडीचं तोंड कुठं आहे ते त्याला तिच्यावरूनच कळेल.

पावसाळ्यात काय? महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर यांत्रिक होड्यांना १ जून ते ३१ जुलै मासेमारी बंद असते. तुमच्या जगात बंदीचा कायदा नसेल, पण होड्या ओढून वर घ्याव्याच लागतील. लाटा मोठ्या, भात्यात पाणी दणकन शिरतं, झोत जोरात सुटतो. एका बाजूनं बंद नळी जोरात फुंकली की सूर दुप्पट होत नाही, एकदम तिप्पट होतो. म्हणजे ६९ वर घुमणारी हुंकारी अचानक २०७ वर उडी मारते. अर्धी भरती झालेली, बाप्यानंही अजून तोंड उघडलेलं नाही आणि बाई बोलायला लागली! समुद्र खवळल्याची याहून चांगली खूण मला सुचत नाही. वादळाच्या लाटा वादळाच्या आधी किनाऱ्याला पोचतात, हे खऱ्या जगातही आहे. ‘अवेळी बाई बोलली’ एवढं एक वाक्य पुरे, वाचकाला पुढचं कळतं. ऐन पावसात मात्र सरींच्या आवाजात काही ऐकू येणार नाही, तेव्हा हा प्रसंग मृगाच्या आधी किंवा नारळी पौर्णिमेच्या सुमाराला ठेवा.

आता ‘कशासाठी’. काही कारण नाही असं उत्तर दिलंत तरी शास्त्र तक्रार करणार नाही. सुरूही कशासाठी वाजत नाही. पण हुंकारीच्या दोन पोकळ्या, ओठ, फट इतकं जुळून आलंय की वाचक कारण मागेलच. परागीभवन हे पहिलं सुचतं. चिपीची फुलं संध्याकाळी उमलतात, सकाळपर्यंत पांढरे केसर पाण्यावर पडलेले असतात, आणि रात्री त्यांवर वटवाघळं येतात. क्यूबातल्या एका वेलीच्या फुलाजवळचं पान वाटीसारखं असतं, वटवाघळाची हाक ते ठळक परतवतं. २०११ साली हे प्रसिद्ध झालं. पण हा रस्ता इथं बंद आहे. वटवाघळांचे कान वरच्या पट्टीचे, हुंकारीचा सूर खालचा. शिवाय फळं-मध खाणारी आपल्याकडची बहुतेक वटवाघळं हाका मारून वाट शोधतच नाहीत, डोळे आणि नाक वापरतात. 

मी मासे घेतले असते. बहुतेक माशांना ऐकू येतं ते १००० हर्ट्झच्या खालचं, आणि हुंकारी बरोबर त्याच पट्टीत. २००५ साली ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफजवळ मेलेल्या प्रवाळाच्या राशी रचून काहींजवळ पाण्याखाली रीफचे आवाज वाजवले, काही गप्प ठेवल्या. वाजणाऱ्या राशींवर माशांची पिल्लं जास्त येऊन राहिली. हुंकारीच्या नळीचं तोंड पाण्यातच आहे, तेव्हा तिचा घुमारा पाण्यात उतरतो असं धरायला हरकत नाही. भरतीबरोबर बोय, काळुंदर, तांबोशीची पिल्लं, कोळंबी मुळांशी गोळा होतात. तिथं राहतात, खातात, हगतात. वाळू-कातळावरच्या उपाशी झाडाला खत घरपोच. झाला सौदा.

आणि इथंच तुमचं जग उभं राहतं. जिथं मासे तिथं जाळं, जिथं जाळं तिथं भांडण. हुंकारीपासून किती हातांवर कुणी पाग टाकायचा? रापण ओढायची असेल तर तिच्या कुठल्या अंगाला? देवीपण हे मला इथून आलेलं पटेल. पिल्लं मारू नयेत म्हणून कुणा शहाण्या म्हातारीनं आखलेली हद्द, आणि पुढे त्या हद्दीला शेंदूर. आपल्या देवराया तरी काय, देवाच्या नावानं कुऱ्हाड थांबवलेली रानंच.

देवी झाली की गुरव आला, मानकरी आले. तुम्ही कौलाचा प्रसंग लिहिलाय तो मला फार आवडला, फक्त पाकळ्यांऐवजी सूर घ्या. ‘बा म्हाराजा’ म्हणून गाऱ्हाणं घालायचं, सगळ्यांनी ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं, आणि मग सूर चढला तर होकार, उतरला तर नकार. पण सूर चढणार की उतरणार हे भरतीवर. गुरवाला तिथी तोंडपाठ. गाऱ्हाणं सकाळी घालायचं की दुपारी, हे तोच ठरवतो. त्याला लबाड करायची गरज नाही. तो मनापासून श्रद्धाळू असू शकतो आणि तरीही बड्या मानकऱ्याचं गाऱ्हाणं नेहमी चढत्या पाण्यालाच पडू शकतं. अशी माणसं मी खूप पाहिली आहेत, देवळात आणि देवळाबाहेरही.

पण हुंकारीचा सूर सांभाळणारा गुरव नव्हे. भात्याच्या आणि नळीच्या तळाशी कालवं धरणारच, खाऱ्या पाण्यात जिथं कठीण जागा मिळते तिथं ती धरतात. नळीचं लहान भोक कालवांनी बुजलं की आतलं पाणी अडकतं, भरती चढली तरी सूर चढत नाही. भात्याचं तोंड अरुंद झालं की श्वास तुटका येतो. ते साफ करणार त्या ओहोटीला गुडघाभर पाण्यात वाकून कोयतीनं कालवं फोडणाऱ्या बायका. एक जण वाकून आत हात घालते, बोटांनी चाचपते, कुठलं काढायचं आणि कुठलं ठेवायचं ते तिला ठाऊक असतं. सगळंच खरवडलं तर भोक मोठं होऊन लाट नळीत शिरेल आणि सूर थरथरेल. दुसरी वर उभी राहून ऐकते. ‘आज ती बोलणा नाय’ हे पहिल्यांदा त्यांना कळतं, गुरवाला नंतर. त्यांनी चार दिवस कालवं काढायला जायचं नाही असं ठरवलं, तर बेटावर काय होईल? तुमच्या मधल्या भागात कथा थोडी बसली आहे. ती इथून उठेल.

दुःखी माणसाचं राहिलं. झाडांना आवाज ‘कळतो’ असं काही प्रमाणात म्हणता येतं. किनाऱ्यावर उगवणाऱ्या एका पिवळ्या फुलाच्या झाडावर इस्रायलमध्येच प्रयोग झाला, २०१९ मध्ये छापून आला: मधमाशीच्या गुणगुणण्याचा आवाज ऐकवल्यावर तीन मिनिटांत मधातली साखर वाढली. पण ती त्याच्या कामाची गुणगुण आहे. माणसाचं दुःख झाडाच्या कुठल्याच कामाचं नाही. सूर बदलायचाच असेल तर हातानं बदलू द्या. नळीच्या ओठावर तळहात अर्धा झाकला की सूर खाली येतो. दुःखी माणूस झाडाला टेकतो, कपाळ लावतो, हात वर जातो, सूर उतरतो. गाव म्हणतं, देवीला कळलं. तुम्ही निवेदनात काहीच म्हणू नका. तुमच्या हस्तलिखितात या जागी निवेदक चार ओळी समजावत बसलाय, त्या काढल्यात तर मी आभारी राहीन.

आणखी एक वनस्पतिशास्त्रातली गोष्ट, बहुतेक लेखक इथं घसरतात. झाड शेंड्याला वाढतं. खोडात छातीच्या उंचीवर खिळा ठोकला तर पन्नास वर्षांनी तो छातीच्याच उंचीवर मिळतो. म्हणून हुंकारीचा ओठ वर सरकत नाही, ‘झाड मोठं झालं तसा आवाज घोगरा झाला’ हे तुमचं वाक्य चुकीचं आहे. ओठ तिथंच आहे. समुद्र वर चढला तर मात्र नळीतली हवा कमी होते आणि लेकराचा आवाज पिढ्यान्‌पिढ्या बारीक होत जातो. एखादी म्हातारी म्हणू शकते की आमच्या आजीच्या वेळी लेकरू इतकं किरकिरं नव्हतं. आणि एक दिवस उधाणाला पाणी ओठावरून जातं.

शेवटी तुमची नायिका रोप घेऊन उत्तरेच्या बेटावर जाते त्याबद्दल. रोप जगेल, कांदळाची रोपं होडीतून नेता येतात, मुळांभोवतीचा चिखल ओला ठेवायचा आणि ऊन लागू द्यायचं नाही. पण ते तिच्या हयातीत गाणार नाही. गाभा कुजायला, फांदी गळायला, ओठ वळायला माणसाचं आयुष्य पुरत नाही. शिवाय उत्तरेकडे भरती मोठी. मालवणकडे उधाणाला दोनेक मीटर, तर मुंबईकडे त्याच्या दुप्पट पाणी चढतं. ओठ तिथल्या भरतीच्या वर हवा, म्हणजे नळी लांब, म्हणजे ओहोटीचा सूर २० हर्ट्झपर्यंत खाली, कानाला न लागणारा. भरतीच्या शेवटी मात्र तेच लेकरू, पण पाणी झपाट्यानं चढत असल्यानं बाप्यापासून लेकरापर्यंतचा प्रवास घाईघाईत. तिच्या नातीला ते झाड ऐकू येईल आणि आजीनं सांगितलेल्या वेळा काही केल्या जुळणार नाहीत. नातीनं आजीला खोटं ठरवायचं की नव्यानं मोजायला बसायचं, ते तुम्ही बघा.